काजूची भट्टी आणि रकाना क्रमांक ७

गोव्याच्या सत्तरी तालुक्यात मार्चमध्ये बोंडू (काजूची फळं) गळायला लागतात आणि मे संपता संपता हंगाम आटोपतो. मला चित्रीकरणाचा परवाना मिळाला ११ मे रोजी. यावरून काय ते समजा.

आम्ही दोडामार्गचे. आमच्याकडचे बोंडू टेम्पो भरून गोव्यातल्या फेणी, म्हणजे काजूची दारू, गाळणाऱ्या भट्ट्यांवर जातात. त्या टेम्पोमागोमाग जाऊन वीस मिनिटांचा माहितीपट करायचा, एवढाच बेत. भट्टीवाले काका पहिल्या फोनलाच हो म्हणाले, कॅमेरा मित्राचा होता. अडलं ते अर्जावर.

रकाना ७: 'कलाकारांची नावे व भूमिका'. मी रेघ ओढली, अर्ज परत. 'लागू नाही' लिहिलं, परत. मग पटकथेच्या तीन प्रती हव्या झाल्या. "साहेब, काका काय बोलणार ते मी आधीच कसं लिहू?" तर म्हणे, "त्यांना विचारून लिहा." चेहऱ्यावरची सुरकुतीही न हलवता!

तिसऱ्या खेपेला साहेबांना शीर्षकातला 'दारू' शब्द दिसला. दुसऱ्या खात्याची ना-हरकत आणा. तिथल्या बाई म्हणाल्या, "परवाना भट्टीवाल्याचा, गाळणार तो. तुम्हाला कसली ना-हरकत देऊ?" बरोबरच होतं त्यांचं. हेच लेखी द्या म्हटलं, तर तशी पद्धत नाही. या दोन टेबलांमध्ये माझे १९ दिवस गेले. मधेच काकांचा फोन: "अरे, येतोस की कोळंबीत तुझे कागदच तुडवू?" (कोळंबी म्हणजे मासळी नव्हे, बोंडू पायांनी तुडवायची दगडी कुंडी.)

शेवटी वाट दाखवली ती शिपायाने. काकांच्या परवान्याची झेरॉक्स आणि त्यांचं संमतिपत्र जोडा, 'दारू' खोडून 'फेणी' लिहा. काजू फेणीला २००९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालंय, तेही मी एका ओळीत घातलं. दोन दिवसांत सही! तेव्हा ही झेरॉक्स पहिल्याच दिवशी जोडा, माझ्यासारखं शहाणपण करू नका.

तुडवणं जवळपास संपलं होतं, शेवटचा अर्धा ढीग मिळाला. चोथ्यातून ठिबकणारा नीरो (ताजा, न आंबलेला रस) मात्र मनासारखा टिपता आला, आणि प्यायलाही. तुडवून काढलेल्या रसात बाहेरचं यीस्ट घालत नाहीत, दोन-तीन दिवस तो आपसूक आंबतो. तेवढ्यात काकांची मुलाखत उरकली. हो, भट्टीपाशी लेन्स पुसायला सुती फडकी भरपूर न्या. पहिल्या धारेचा हुर्राक (रस एकदाच गाळून निघणारी हलकी दारू) उतरताना माझा निम्मा शॉट वाफेने धुरकटला.

रकाना ७ मध्ये मी शेवटी काकांचं नाव लिहिलं होतं, भूमिका: 'स्वतः'. चित्रीकरणाच्या परवान्याची प्रत त्यांनी मागून घेतली आणि भट्टीच्या फाइलीत सगळ्यात वर लावली.