उत्तर पाहा

बुधवार, रात्री ११.४०

आज संध्याकाळी लिफ्टपाशी काकांनी मोबाइल माझ्यासमोर धरला आणि मी बनवलेल्या तक्रारींच्या संकेतस्थळाकडून आलेल्या ईमेलमधल्या ‘उत्तर पाहा’ या दुव्यावर बोट टेकवले. गळतीच्या तक्रारीचे पान उघडले, पण अगदी वरून, मग अंगठ्याने पान सरकवत सरकवत ते सत्तेचाळिसाव्या उत्तरापर्यंत पोहोचले आणि म्हणाले, “हे असंच यायचं ना?” मी ‘नाही’ म्हणालो, पुढे काही सुचले नाही.

घरी येऊन पाहिले तर चूक एका कंसाची. रेल्स या संकेतस्थळे बांधायच्या साधनात अँकर, म्हणजे पानातल्या नेमक्या जागी नेणारा पर्याय, पत्ता तयार करणाऱ्या कंप्लेंट_यूआरएलच्या कंसात द्यायचा असतो; मी तो कंस आधीच मिटवून अँकर बाहेर, दुवा बनवणाऱ्या लिंक_टूच्या हवाली केला होता. त्यामुळे पत्त्याच्या शेवटी # आणि उत्तराचा क्रमांक लागण्याऐवजी दुव्याच्या टॅगला ‘अँकर’ नावाचा एक निरर्थक गुणधर्म चिकटला, ज्याच्याकडे ब्राउझर ढुंकूनही पाहत नाही. त्रुटी नाही, इशारा नाही.

सलते ते हे, की आठ महिन्यांत कोणीच काही बोलले नाही. सर्व्हरच्या नोंदींना दोष देता येत नाही, कारण # च्या पुढचा भाग ब्राउझर स्वतःपाशीच ठेवतो. वेब-पत्त्यांचे नियम सांगणाऱ्या २००५ च्या आरएफसी ३९८६ या दस्तऐवजात तसे स्पष्टच म्हटले आहे. त्यामुळे नोंदींत सारी पाने ‘सगळे ठीक’ सांगणारा २०० हा आकडा मिरवत सुखरूप उघडलेली. पण माणसे? रात्री जागून, फुकट केलेले काम बिघडले आहे, हे सांगण्याइतकीही कोणाला त्याची किंमत नसावी, या विचाराने जेवताना घास उतरेना. हिला बोललो नाही; तिचे म्हणणे मला ठाऊक आहे.

कोणीच बोलले नाही, असे मी म्हणतो खरा. पण मी स्वतः तरी त्या दुव्यावर कधी बोट ठेवले होते? माझ्या चाचणीनेही पान उघडते एवढेच तपासले होते. सगळे बिचारे सरकवत खाली जात राहिले, म्हणजे निदान वाचत तरी होते.

कंस हलवला. पान नेमके उत्तरावर थांबू लागले, तर उत्तराची पहिली ओळ माथ्यावरच्या स्थिर पट्टीखाली झाकली गेली. तेव्हा वर जागा सोडणाऱ्या स्क्रोल-मार्जिन-टॉपचे ७२ पिक्सेल देऊन तिला बाहेर काढले आणि काकांना निरोप धाडला.

साडेदहाला त्यांचा फोन आला. “नीट केलंस म्हणालास, पण अजून वरूनच उघडतंय.” ते जुनीच ईमेल उघडून बसले होते, आणि एकदा गेलेल्या ईमेलमधला पत्ता काही मला बदलता येत नाही. एवढ्यापुरते सत्तेचाळिसाव्या उत्तरापर्यंत सरकवा, असे मी सुचवले.

“ते केव्हाच केलं,” काका म्हणाले.