कंपालातली कुळं

इथे युगांडाच्या राजधानीत, कंपालात, दोन अनोळखी बगांडा माणसं, म्हणजे इथल्या बुगांडा राज्यातले लोक, भेटली आणि गप्पा जरा रंगल्या, की कधी ना कधी एक प्रश्न येतोच, तुमचं कूळ कोणतं? उत्तरं ऐकताना सुरुवातीला मला फार नवल वाटायचं. कुणी सिंहाचा, कुणी बिबट्याचा, कुणी माकडाचा, कुणी अळंबीचा, कुणी चक्क चवळीचा. माझ्या ऑफिसातली मैत्रीण न्सेनेने कुळातली, म्हणजे नाकतोड्याच्या. आता नोव्हेंबरच्या पावसात इथे हिरव्या नाकतोड्यांचे थवेच्या थवे येतात, मसाका शहराकडे तर रात्रभर मोठाले दिवे लावून आणि पत्रे उभे करून ते पकडतात, पत्र्यावर आपटून खालच्या पिंपात पडतात, मग पंख-पाय काढून मीठ-कांद्याबरोबर परततात आणि रस्त्यावर जागोजागी विकतात. अख्खं ऑफिस डबे उघडून खात असतं आणि ही बाई हात लावत नाही. शिकलेली आहे, दर रविवारी चर्चला जाते, पण आपल्या कुळाचं ते आपण खायचं नाही म्हणजे नाही. या वर्ज्य गोष्टीला मुझिरो म्हणतात आणि त्याच्या जोडीला प्रत्येक कुळाचं एक दुसरं, धाकटं चिन्हही असतं.

बगांडा हे बांटू भाषा बोलणाऱ्या लोकांपैकी एक. या गटात 500च्या आसपास भाषा आहेत, स्वाहिली, झुलू, शोना, किकुयू सगळ्या त्यातल्याच, आणि अभ्यासक सांगतात की साधारण 4000 ते 5000 वर्षांपूर्वी आजच्या कॅमेरून-नायजेरियाच्या सीमेजवळून हे लोक हळूहळू पूर्वेला आणि दक्षिणेला पसरत गेले. कुळाचं चिन्ह पाळायची पद्धत तिकडे झिंबाब्वेतल्या शोना लोकांतही आहे. आणि खरं सांगायचं तर आपल्यालाही ती परकी नाही. आपल्याकडे मराठ्यांत आणि इतर बऱ्याच जातींत लग्नात देवक बसवतात की, कुणाचं पंचपल्लव, कुणाचं कळंब, कुणाचं मोरपीस, आणि एकाच देवकाच्या दोन घरांत सोयरीक करत नाहीत. मैत्रिणीला हे सांगितलं तेव्हा तिला जराही आश्चर्य वाटलं नाही, तिने लगेच विचारलं, मग तुझं कोणतं? फरक एवढाच की आपल्याकडे देवक लग्नाच्या आदल्या दिवशी आठवतं, इथे कूळ रोजच्या ताटात असतं, नावात असतं, मयतीत असतं.

नावाचं म्हणाल तर इथे बापाचं नाव मुलाला आडनाव म्हणून लागेलच असं नाही. प्रत्येक कुळाची आपली ठरलेली नावं असतात, त्यातलं एक बाळाला देतात, त्यामुळे जाणत्या माणसाला नुसत्या नावावरून कूळ कळतं. एकाच आईबापाच्या चार मुलांची चार वेगळी नावं आणि तरी सगळे एकाच घरचे. कुळं पन्नासहून जास्त आहेत आणि प्रत्येकाचा एक प्रमुख असतो, त्याच्या खाली शाखा, उपशाखा, मग घर. प्रत्येक कुळाचा ढोलावर वाजवायचा आपला वेगळा ठेकासुद्धा आहे.

राजाला इथे कबाका म्हणतात आणि त्याच्या सेवेतलं एकेक काम एकेका कुळाकडे. म्माम्बा म्हणजे लंगफिश या माशाच्या कुळाच्या प्रमुखाकडे व्हिक्टोरिया सरोवरातल्या होड्यांचा ताफा असायचा, पाणमांजराच्या कुळाकडे सालीचं कापड करायचं काम. हे कापड मी पहिल्यांदा हातात घेतलं तेव्हा ते विणलेलं नाही यावर विश्वासच बसेना. मुतुबा नावाचं झाड आहे, आपल्या वड-उंबराच्याच जातीतलं, पावसाळ्यात त्याची साल सोलतात, मग झाड वाळू नये म्हणून त्याला केळीची पानं गुंडाळतात, आणि सोललेली साल लाकडी मोगरीने कुटत कुटत पातळ आणि रुंद करतात. उन्हात वाळल्यावर विटकरी रंग येतो. झाड मरत नाही, साल पुन्हा येते. युनेस्कोने 2005 मध्ये या कलेचा गौरव केला, पण इथल्या माणसासाठी ते राज्याभिषेकाचं आणि प्रेताला गुंडाळायचं कापड आहे, त्याचा मान निराळाच.

कंपालातल्या कासुबीच्या टेकडीवर चार कबाकांच्या समाध्या आहेत. मुतेसा पहिला याने 1882 मध्ये तिथे राजवाडा बांधला आणि 1884 मध्ये तो गेल्यावर तिथेच त्याला पुरलं. गवताने शाकारलेला प्रचंड घुमट, पार जमिनीपर्यंत उतरलेला, आत छताला 52 कडी, कुळांच्या नावाची. शाकारायचा मान न्गेये कुळाचा, कोलोबस माकडाच्या. आत सालीच्या कापडाचा पडदा असतो आणि त्यामागे वन आहे असं मानतात, कबाका मेले नाहीत, वनात गेले. 16 मार्च 2010 ला ही वास्तू आगीत जळाली, लोक रस्त्यावर येऊन रडले, आणि पुढे कुळांनी आपापली कामं वाटून घेत ती पुन्हा उभी केली. 2023 मध्ये युनेस्कोने ती धोक्यातल्या वारशांच्या यादीतून काढली.

मला यातलं सगळ्यात महत्त्वाचं हे वाटतं की राजा नसतानाही कुळं टिकली. 1966 मध्ये देशाचा सत्ताधारी ओबोटे याच्या सैन्याने मेंगोच्या टेकडीवरच्या कबाकाच्या राजवाड्यावर हल्ला केला, तेव्हाचा कबाका, मुतेसा दुसरा, हा देश सोडून गेला आणि 1969 मध्ये लंडनला वारला, 1967 मध्ये बुगांडाचं राज्यच रद्द झालं. 1993 मध्ये ते परत आलं, म्हणजे मधली पंचवीसेक वर्षं सिंहासन रिकामं, त्यात हुकूमशहा इदी अमीनची राजवट, युद्धं. तरी लग्नं कूळ विचारूनच होत होती.

आता लग्नाचं सांगते. क्वांजुला म्हणजे मुलाकडच्यांनी मुलीच्या घरी रीतसर ओळख करून देणं, चर्चमधल्या लग्नाइतकाच किंवा त्याहून जास्त थाट. दोन्हीकडचे बोलके लोक समोरासमोर बसून शब्दांची कुस्ती खेळतात, मग नवऱ्या मुलाकडून नाव, बाप, आजोबा, शाखा, कूळ असं सगळं म्हणवून घेतात, कूळ एकच निघालं तर विषय तिथेच संपतो. आईच्या कुळातही लग्न चालत नाही. मुलीची आत्या, सेंगा, गर्दीतून नवऱ्या मुलाला शोधून काढते, संसाराचं शिक्षणही तीच देते, आई नाही. मुलीच्या भावाला कोंबडा द्यावाच लागतो. पुरुष कांझू नावाच्या पांढऱ्या पायघोळ झग्यात आणि बायका गोमेसीत, टोकदार खांद्यांचा, चौकोनी गळ्याचा, कमरेला रुंद पट्टा बांधलेला पायघोळ पोशाख. आणि हे वाचून गोव्याच्या मंडळींना नक्की आनंद होईल, हा पोशाख विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इथे आलेल्या गोम्स नावाच्या गोवेकर शिंप्याने बेतला, त्याच्यावरूनच गोमेसी. आज बगांडा बाईचा सणासुदीचा मान त्यातच आहे.

आमच्या घरमालकीणबाईंना सगळे नालोंगो म्हणतात, जुळ्यांची आई, त्यांचे यजमान सालोंगो. जुळं झालं की आईबापांना ही पदवी मिळते आणि मुलांची नावं ठरलेलीच, मुलगे असले तर वास्वा आणि काटो, मुली असल्या तर बाबिर्ये आणि नाकाटो, इतकंच काय जुळ्यांच्या आधीचं मूल किगोंगो आणि नंतरचं किझ्झा.

मरणाची त्यांची कथा अशी. पहिला माणूस किंटू, त्याने आकाशातल्या गुलूची मुलगी नाम्बी मिळवली. खाली निघताना बापाने बजावलं होतं की काही विसरलं तरी मागे फिरू नका, पण कोंबडीची नाचणी राहिली म्हणून नाम्बी परत गेली आणि तिचा भाऊ वालुम्बे, म्हणजे मृत्यू, तिच्या मागोमाग पृथ्वीवर आला. त्याला धरायला दुसरा भाऊ धाडला तर वालुम्बे टांडा इथल्या जमिनीत शिरला, तिथले खोल खड्डे आजही दाखवतात.

म्हणून घरात कुणी गेलं की पुरण्यावर काम संपत नाही. काही महिन्यांनी, कधी वर्षांनी, सगळं कूळ जमून वालुम्बेला घरातून हाकलायचा विधी करतं, रात्रभर ढोल, नाच, मटोके म्हणजे शिजवलेली हिरवी केळी, आणि सकाळी वारस ठरवून त्याला सालीचं कापड पांघरतात. त्याच्या हातात भाला किंवा काठी, बाई असेल तर सुरी. मग जमलेली माणसं एकेक करून पुढे येतात आणि त्याला सल्ला देतात. हा वारस नुसता मालमत्तेचा नाही, गेलेल्याची जागा तो घेतो. नालोंगोंच्या दिरांचा वारस पंचविशीतला पुतण्या आहे आणि दिरांची चाळिशीतली मुलं त्याला ताता म्हणतात, बाबा. घरात काही ठरवायचं असलं की त्याला बोलावतात, तोही येतो, बापाच्या खुर्चीत बसतो आणि सगळं ऐकून घेऊन मग बोलतो.