फुले नसताना

खिरेश्वरहून टोलार खिंडीमार्गे हरिश्चंद्रगडावर जाणारी वाट बहुतेक लोक भाद्रपदात चढतात, आणि पठारभर पसरलेली पिवळी सोनकी पाहिली की त्यांना दोष देववत नाही. तरीही या डोंगरातल्या वनस्पतींची ओळख करून घ्यायची असेल, तर मी फुलांचा हंगाम सरल्यावर जाणे पसंत करतो. फुलावरून नाव सांगणे तुलनेने सोपे असते. ते नसले की पानांची मांडणी, सालीचा पोत आणि चुरगळलेल्या पानाचा वास यांकडे वळावेच लागते.

कारवी तर दुसरा पर्यायच ठेवत नाही. ती साधारण सात वर्षांनी एकदाच बहरते, एकाच वेळी सारा उतार जांभळा करते आणि बी धरून मरून जाते. मधल्या वर्षांत समोरासमोर फुटणारी खरखरीत, दातेरी पाने आणि सरळसोट काठ्या एवढ्यावरच तिला ओळखायचे असते. घसाऱ्याच्या चढावर जो तो याच काठ्यांना धरून वर सरकतो, पण आपण कोणाचा हात धरला आहे हे फारसे कोणी पाहत नाही. पायथ्याच्या वाड्यावस्त्यांवर मात्र याच काठ्या बांधून, वर शेणमाती लिंपून कुडाच्या भिंती उभ्या केल्या जात.

हिरड्याची खूण आणखी बारीक आहे: देठावर, पाते सुरू होते तिथे, दोन चिमुकल्या गाठी असतात. याचीच कोवळी फळे वाळवून बाळहिरडा म्हणून विकली जातात आणि जुन्नर-अकोल्याच्या आदिवासी कुटुंबांना त्यातून चार पैसे मिळतात. घाणेरी तर नाकालाच कळते. ती मूळची अमेरिकेतली, पण पाखरांनी तिचे बी इतके पसरवले आहे की नवख्याला ती इथलीच वाटावी.

माझ्या या हट्टाला कंदीलपुष्प मात्र दाद देत नाही. हिवाळ्यात त्याचा वेल वाळून जातो आणि जमिनीखाली फक्त कंद उरतो. त्याच्या फुलाच्या नळीत शिरलेली चिलटे आतल्या केसांमुळे अडकून पडतात आणि केस सुकल्यावरच परागकण घेऊन सुटतात. हा सगळा प्रकार पाहण्यासाठी पावसाळ्यातच जावे लागते, आणि तेवढ्यासाठी मी खिंडीतली गर्दी निमूटपणे सोसतो.