मॅडम, थांबवलं कशाला?

कायद्याच्या विद्यार्थ्यांना चित्रपट-रसास्वाद शिकवताना जर्मन दिग्दर्शक वोल्फगांग श्टाउटे मी हमखास घेते. यंदा त्यांचा १९४६चा 'डी म्योर्डर झिंट उन्टर उन्स' लावला. म्हणजे 'खुनी आपल्यातच आहेत'. दुसरं महायुद्ध संपून दीड वर्षही झालं नव्हतं आणि हा माणूस बर्लिनच्या खऱ्याखुऱ्या ढिगाऱ्यांत कॅमेरा घेऊन उतरला होता.

पोलंडमध्ये ऐन नाताळात गावकऱ्यांना गोळ्या घालायला लावणारा कॅप्टन ब्रुकनर त्याच्या हाताखाली असलेल्या डॉ. मेर्टेन्सला बर्लिनमध्ये पुन्हा भेटतो. आता तो कारखानदार झालाय, सैनिकांच्या पोलादी हेल्मेटांची पातेली करून विकतो. बायकोमुलं खुशाल. मेर्टेन्स पिस्तूल रोखतो, पण त्याच्यासोबत राहणारी सुझान त्याला अडवते: सूड नको, खटला हवा.

दिवे लागले तशी मागच्या बाकावरची एक मुलगी तावातावाने उठली. "मॅडम, थांबवलं कशाला?"

मी सांगितलं, मूळ पटकथेत तो गोळी घालतोच. बर्लिन तेव्हा दोस्त राष्ट्रांच्या ताब्यात होतं; त्यांतल्या पाश्चात्त्य राष्ट्रांनी ती पटकथा नाकारली. सोविएत अधिकाऱ्यांनी होकार दिला, पण शेवट बदलायला लावून. लोक रस्तोरस्ती सूड घेत सुटतील, ही धास्ती.

"आणि कोर्टात नेऊन न्याय मिळाला?"

याचं उत्तर श्टाउटेंनीच १९५९मध्ये दिलंय, तोवर ते पश्चिम जर्मनीत आले होते. 'रोझेन फ्यूर डेन श्टाट्सआनवाल्ट', म्हणजे 'सरकारी वकिलासाठी गुलाब', या त्यांच्या चित्रपटातली खटल्याची दृश्यं मी लगेच लावली. चॉकलेटच्या दोन डब्यांपायी एका सैनिकाला देहदंड मागणारा लष्करी वकील युद्धानंतर पुन्हा सरकारी वकील होऊन बसलाय. तो सैनिक मुद्दाम दुकानाची काच फोडून तसलंच चॉकलेट उचलतो आणि त्याच्यासमोर उभा राहतो. भर कोर्टात बोलण्याच्या ओघात वकिलाच्या तोंडून पुन्हा देहदंडाचीच मागणी निघते.

"पण फाशी तर रद्द झाली होती ना?" एकजण ओरडला. झालीच होती, पश्चिम जर्मनीच्या १९४९च्या राज्यघटनेनेच. कायदा बदलला होता, वकील तोच होता. हे मी सांगण्याआधी मुलांनीच एकमेकांना सांगितलं, याचा मला फार आनंद झाला.

मग कुणीतरी विचारलं, नाझी राजवटीत श्टाउटे स्वतः काय करत होते? तेही लपवलं नाही. १९४०च्या 'युड झ्यूस' या ज्यूद्वेष्ट्या प्रचारपटात त्यांची छोटी भूमिका होती. मला वाटतं, म्हणूनच हा विषय त्यांनी आयुष्यभर सोडला नाही.

त्या मुलीने मत बदललं नाही. गोळी घालायलाच हवी होती, असं ती आजही म्हणते. 'रोझेन' पुढच्या तासाला पूर्ण दाखवा, हा हट्टही तिचाच.