पंथराजाचा माग: गिरगावातून थेट डब्लिन

ज्ञानेश्वरी जुन्या इंग्रजी पुस्तकांत कुठे कुठे पोचली याचा माग काढतो आहे. मागच्या नोंदीत थिऑसॉफिकल सोसायटी या गूढविद्येच्या अभ्यासमंडळाच्या एक संस्थापक मॅडम ब्लाव्हाट्स्की यांच्या ‘द व्हॉइस ऑफ द सायलेन्स’पाशी थांबलो होतो. 1889 च्या उन्हाळ्यात फ्रान्समध्ये फाँतेनब्लोला राहून त्यांनी लिहिलेलं हे छोटं पुस्तक. त्यात ज्ञानेश्वरीचा उल्लेख आहे, एवढंच तेव्हा सांगितलं होतं. आता ओवीच हाताला लागली आहे.

पुस्तकातलं वचन असं आहे की, तू स्वतः वाट झाल्याशिवाय त्या वाटेनं तुला चालता यायचं नाही. खाली टीप आहे, आणि टिपेत ज्ञानेश्वरीतले कृष्णाचे शब्द म्हणून एक इंग्रजी उतारा. त्यातलं ‘धनुष्य धारण करणाऱ्या’ हे संबोधन पाहिल्याबरोबर सहावा अध्याय उघडला. आपल्याकडच्या प्रतींमध्ये ओव्यांचे आकडे मागेपुढे असतात, त्यामुळे आकड्यावर विसंबलो नाही, ‘धनुर्धरा’ हा शब्द धरून उतरत गेलो. पंथराज म्हणजे ज्ञानदेवांनी वर्णिलेला योगमार्ग. त्याच्या वर्णनात ती जागा सापडली:

निगिजे पूर्वीलिया मोहरा । कीं येइजे पश्चिमेचिया घरा ।
निश्चळपणें धनुर्धरा । चालणें एथिंचें ॥
येणें मार्गें जया ठाया जाइजे । तो गांवो आपणचि होइजे ।

ओळीला ओळ लागते. पूर्व, पश्चिम, न हलता चालणं आणि ज्या गावाला जायचं ते गाव आपणच होणं, सगळं त्याच क्रमानं. वाचताना अंगावर काटा आला. शके 1212 मध्ये नेवाशात सांगितलेली ओवी सहाशे वर्षांनी युरोपातल्या गूढविद्येच्या पुस्तकात शिरते, ही काही लहानसहान गोष्ट नाही.

ती तिथे पोचली कशी? पहिला अंदाज साहजिकच मुंबईचा. ब्लाव्हाट्स्की आणि सोसायटीचे दुसरे संस्थापक कर्नल ऑल्कॉट 16 फेब्रुवारी 1879 रोजी मुंबईत उतरले, सुरुवातीला गिरगावात राहिले. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात सोसायटीचं ‘द थिऑसॉफिस्ट’ मासिक निघालं आणि 1882 संपता संपता मंडळी मद्रासजवळ अड्यारला गेली. एवढ्या काळात कुणा मराठी स्नेह्यानं सहावा अध्याय समजावून दिला असेल, असं वाटणं स्वाभाविक आहे. पण त्याच पुस्तकाच्या प्रस्तावनेत बाई ज्ञानेश्वरीची गणना संस्कृत ग्रंथांत करतात. मूळ पोथी समोर असती तर हे झालं नसतं. म्हणजे त्यांच्यापुढे इंग्रजी मजकूर होता.

तो मजकूर आहे ‘द ड्रीम ऑफ रावण’. 1853-54 मध्ये ‘डब्लिन युनिव्हर्सिटी मॅगझिन’मध्ये हे लेखन क्रमशः छापलं गेलं. लेखकाचं नाव नाही. रावणाच्या स्वप्नाच्या निमित्तानं योग आणि वेदान्त यांचं विवरण करता करता हा अनाम माणूस मध्येच ज्ञानेश्वरीच्या सहाव्या अध्यायातला लांबलचक उतारा देतो, आणि टिपेतली ती वाक्यं त्यात जवळपास शब्दशः आहेत. पुढची ‘हें सांगों काय सहजें’ ही ओळही त्यानं सोडलेली नाही. टिपेत ती गळली आहे. ब्लाव्हाट्स्की मुंबईत यायच्या पंचवीस वर्षं आधीचं हे काम.

मला या अनाम लेखकाबद्दल फार आदर वाटतो. बाळशास्त्री जांभेकरांनी ज्ञानेश्वरी शिळाप्रेसवर छापली ती 1845 साली. त्याला जेमतेम आठ वर्षं झाली होती. मोल्सवर्थच्या मराठी-इंग्रजी कोशाची पहिली आवृत्ती हाताशी होती, पण ज्ञानदेवांची जुनी मराठी नुसत्या कोशावर सुटत नाही. त्यानं छापील प्रत वापरली की पोथी, कुणा शास्त्रीबुवांपाशी बसला की एकट्यानं झटला, यावर कुणीतरी मन लावून काम करायला हवं. 1895 मध्ये लंडनच्या थिऑसॉफिकल पब्लिशिंग सोसायटीनं हे लेखन पुस्तकरूपात पुन्हा छापलं. तरीही आपल्याकडच्या ज्ञानेश्वरी-अभ्यासात त्याचं नाव क्वचितच निघतं. याचं मला खरंच वाईट वाटतं.

या शोधात फ्रीमेसनरीचा, म्हणजे युरोपातून आलेल्या गुप्त विधींच्या बंधुसंघाचा, एक धागाही आहे. तो सोडलेला नाही, फक्त सध्या मागे आहे. हिंदी लोकांना प्रवेश मिळावा म्हणून 1843 मध्ये मुंबईत निघालेलं ‘राइझिंग स्टार ऑफ वेस्टर्न इंडिया’ हे लॉज (संघाची शाखा), पारशी विद्वान खरशेदजी रुस्तमजी कामांचं मिथ्र या प्राचीन इराणी देवाच्या पूजेवरचं व्याख्यान, दुसरे पारशी विद्वान जीवनजी जमशेदजी मोदींचे 1913 चे ‘मेसॉनिक पेपर्स’, एवढं वाचायच्या यादीत आहे. मोदींचा व्यासंग पाहता त्यांना स्वतंत्र नोंद द्यावी लागेल.

जुन्या पुस्तकांच्या स्कॅनमध्ये शोध घेणाऱ्यांसाठी एक सूचना: रोमन लिपीत ज्ञानेश्वरी नाना तऱ्हांनी लिहिलेली सापडते. ‘द्न्य’, ‘ज्न’, ‘ग्न्य’, शेवटी ‘श्व’ला कधी व्ही तर कधी डब्ल्यू. एकच रूप टाकून शोधलं तर निम्मं निसटतं. जुन्या छपाईत यंत्राला अक्षरं नीट लागत नाहीत, तेव्हा सोबत कृष्ण-अर्जुन, धनुष्य, कुंडलिनी असे शब्द टाकून पाहा. मला जास्त फायदा त्याचाच झाला.

आता दोन रकान्यांचा तक्ता करतोय. डावीकडे सहाव्या अध्यायातली ओवी, उजवीकडे डब्लिनच्या मासिकातलं इंग्रजी. कुंडलिनीच्या वर्णनाचा भाग निम्मा लागला आहे. त्यानंतर ‘द थिऑसॉफिस्ट’चे मुंबईचे अंक पहिल्यापासून घेणार. कुणाकडे ज्ञानेश्वरीच्या 1845 च्या प्रतीची छायाचित्रं असतील, तर सहाव्या अध्यायाची पानं जरूर पाठवा. पाठभेद जुळले, तर त्या अनाम माणसानं कोणती प्रत वापरली हे ठरवायला मोठी मदत होईल.