तुम्ही विचारलंत म्हणून: घर असून मी वावरात का झोपतो

"फौजी, एवढं घर बांधलं अन् वावरात काहून झोपता?" पारावर, लग्नाच्या पंगतीत, कुठेही गेलो तरी हा प्रश्न चुकत नाही. "डुकरं येतात ना," म्हणून मी आजवर वेळ मारून नेली.

डुकरं येतात हे खरंच आहे. हरभऱ्यात कळप शिरला तर सकाळी वावर नांगरल्यासारखं दिसतं. पण तूर घरी आली, रान मोकळं झालं, तरी मी मचाणावरच असतो.

1999 साली कारगिलच्या लढाईत आमची तुकडी द्रासला होती. शिखरांवर शत्रू, खाली श्रीनगर-लेह रस्ता. दिवसा हालचाल दिसली की वरून तोफगोळे. म्हणून रसद नेणं, चढाई, जखमींना खाली आणणं, जमेल तेवढं सगळं अंधारात. दिवसा दगडाआड पडून राहायचं. रात्र जागायचीच असते, हे तेव्हा अंगात मुरलं. 26 जुलैला लढाई संपली, पण अंगातलं ते गेलं नाही. नोकरीत पहारा असायचाच, त्यामुळे कुणाच्या लक्षात आलं नाही. 17 वर्षांनी पेन्शन घेऊन घरी आलो, तेव्हा समजलं.

रात्री चार-चारदा कडी तपासायचो. टिनावर मांजर उडालं तरी उभा राहायचो. एकदा धाकटी पाणी प्यायला उठली. मी तिचं मनगट असं आवळलं की सकाळी बोटांचे वळ होते. ती रडली नाही. "बाबा, मी आहे, मी आहे," एवढंच म्हणत राहिली. दुसऱ्या दिवशी मी अंथरूण वावरात नेलं.

पुढे बायकोच मला जिल्ह्याच्या गावी डॉक्टरांकडे घेऊन गेली. युद्धावरून आलेल्यांना हा आजार होतो, त्याला औषध आहे, लाजायचं कारण नाही, असं ते म्हणाले. गोळ्यांनी बराच फरक पडला. तरी डोळा लागतो तो पहाटेच. सकाळी नऊला ओसरीवर आडवा दिसलो तर "फौजी पिऊन पडला" म्हणू नका. माझ्या मुलींना ते ऐकू जातं.

शेजारच्या वावरातला गडी डुकरं हाकलायला सुतळी बॉम्ब फोडतो. पहिल्या वर्षी त्या आवाजासरशी मी मचाणावरून खाली झेपावलो, ते त्यानं पाहिलं. कुठे बोलला नाही. तेव्हापासून वात पेटवण्याआधी तो माझ्याकडे दोनदा बॅटरी मारतो. मी एकदा मारतो. मग तो फोडतो.