रेंगाळ दगडाचं दार: माझा अनुभव

माझ्या कादंबरीतल्या जगासाठी मी एक दगड बनवला. नाव रेंगाळ. या दगडाच्या खोलीत वेळ हळू चालतो, आत 1 तास झाला की बाहेर 10 तास होऊन गेलेले असतात. नाव, रंग, खाणी, कोणत्या राजानं पहिला वाडा बांधला वगैरे सगळं आठवड्याभरात जमलं, त्याबद्दल सांगण्यासारखं काही नाही. त्यानंतर चार महिने मी एका दारापाशी अडकले आणि त्याचा राग अजून गेलेला नाही, म्हणून हे लिहितेय.

झालं असं की पहिली तीन प्रकरणं मैत्रिणीला वाचायला दिली. तिनं एकच विचारलं, "बाहेर उभं राहून दारातून नुसता हात आत घातला तर?" मी लगेच म्हटलं काही नाही होणार, आणि रात्री झोपच लागेना. कारण हृदय बाहेर आहे, ते मिनिटाला 70 ठोके देतंय, पण त्या मिनिटात हातासाठी फक्त 6 सेकंद गेलेत. मग मनगटापर्यंत आलेलं रक्त पुढे जाणार कसं? मागून येतच राहणार, पुढे सरकणार नाही. म्हणजे माझा नायक ज्या दारातून ऐटीत आत जातो तिथेच त्याचा जीव जायला हवा.

मग एकेक धागा ओढत गेले आणि प्रत्येक धागा दारापाशीच येऊन अडकला. बाहेर कोणी पाच सेकंदाचं वाक्य बोललं तर आतल्याला ते अर्ध्या सेकंदात ऐकू येणार, नुसती चिवचिव. प्रकाशाचं तर त्याहून वाईट. डोळ्यांना दिसणारा प्रकाश साधारण 400 ते 700 नॅनोमीटरचा, तो आत जाताना 40 ते 70 चा होतो, म्हणजे घातक अतिनील, दिसणार काहीच नाही. उलट प्रत्येक वस्तू जी उष्णता सोडत असते ती दिसायला लागते. साधी भिंत 300 केल्विनच्या आसपास असते, आतून ती 3000 ची वाटणार, म्हणजे जुन्या पिवळ्या बल्बच्या तारेइतकी. खिडकीतून अंगण बघायला गेलेली माझी म्हातारी आजी तिथेच भाजली असती. हा सीन मी लिहून ठेवला होता, माझा आवडता होता, तो काढावा लागला.

आणि सगळ्यात कठीण म्हणजे ओढ. वेळेच्या वेगातला फरक आणि गुरुत्वाकर्षण या गोष्टी एकमेकींना बांधलेल्या आहेत. 2010 मध्ये अमेरिकेतल्या शास्त्रज्ञांनी एक अणुघड्याळ जेमतेम 33 सेंटीमीटर वर उचललं आणि ते खालच्यापेक्षा जलद चालतं हे मोजून दाखवलं. पृथ्वीवर हा फरक मीटरमागे 1 वर 16 शून्यं इतक्या भागांत एक भाग, बस. एवढ्याशा फरकाबरोबर येणारी ओढ हातातला कप जमिनीवर आपटते, आणि माझ्या दारात एका पावलात दहापट फरक! वाडा तरी उभा राहील का.

या काळात "अगं जादू आहे, चालतं" हे इतक्यांनी ऐकवलं की मी चिडले. जादू वाचक मान्य करतोच, पण पानागणिक बदलणारा नियम तो का मान्य करेल?

सुटका झाली चुन्यामुळे. गवंडीकामाचं एक प्रकरण लिहायचं होतं म्हणून वाचत होते, दगडांच्या सांध्यांत भरलेला चुना हवेतला कार्बन डायऑक्साइड ओढत सावकाश कडक होतो. मग वाटलं, बाहेरची बाजू वाळली तरी आतली ओलीच राहणार, भिंत तडकणार. म्हणजे बांधकाम चालू असताना दगडानं काम करून चालणारच नाही. आणि तिथेच लागलं हाताला! खोली सगळ्या बाजूंनी रेंगाळनं पूर्ण बंद झाली तरच दगड काम करतो. दारही त्याच दगडाचं, खिडकी नाही. दार उघडलं की आत बाहेर वेळ एकच. फरक जो काय आहे तो भिंतीच्या जाडीत, तिथे ना हात जातो ना प्रकाश. आता ओढसुद्धा दगडच सोसतो, ही एवढी एकच जादू मी मागून घेतली.

तुम्ही असं काही बनवत असाल तर आधी कड ठरवा, म्हणजे आतलं आणि बाहेरचं नेमकं कुठे भेटतं ते, नाव नंतर. मधेच आठवलं म्हणून सांगते, वहीत दोन रकाने करा, आतली तारीख आणि बाहेरची, नाहीतर वयं चुकतात, माझ्या एका पात्राची तीन वर्षं आत गेली आणि बाहेर तीस, हे मला पाचव्या प्रकरणात कळलं. आणि हो, प्रमाण सरळ ठेवा, मी आधी 1 ला 17 घेतलं होतं, प्रत्येक वेळी कॅल्क्युलेटर.

हात घातला तर, हे विचारणाऱ्या मैत्रिणीला नवीन प्रकरण पाठवलं. त्यात आजीला ताप चढलाय, वैद्य वीस दिवसांच्या वाटेवर आहे, नातू तिला खोलीत निजवून दगडी दार ओढून घेतो. आत फक्त दोन दिवस. दार उघडतं तेव्हा तिच्या कपाळावरची पट्टी अजून ओली आहे, तिनं ती नुकतीच मडक्यात बुडवून पिळलेली. मैत्रिणीनं या वेळी काहीच विचारलं नाही, पुढचं प्रकरण मागितलं.